सोपी केलेली मोहीम

१

सहाच्या भोंग्याला धाकटा उठायचा, सातच्या भोंग्याला आरागिरणीच्या फाटकातून आत जायचा आणि तीनच्या भोंग्याला अंगभर भुसा घेऊन बाहेर पडायचा. दादाचं बरोबर उलटं. तो तीनला आत शिरायचा आणि रात्री अकराला सुटायचा. एकाच आऱ्यावर दोघे भाऊ कामाला, एकाच छपराखाली राहायला, पण गाठ पडायची ती फाटकात, आऱ्याची किल्ली एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात जाण्यापुरती. "पातं उजवीकडे ओढतंय," एवढं एक सांगायचा. "बरं," एवढं दुसरा म्हणायचा.

बाकीचं बोलणं खेळातून व्हायचं. बाहेरच्या खोलीत कोपऱ्यातल्या टेबलावर एक जुना कॉम्प्युटर होता. दुरुस्तीवाल्या मित्राने चार मेलेल्या मशीनमधून एक जिवंत करून दिलेला. त्यावर लढाईचा एकच खेळ. एक नदी, सात किल्ले, एकोणीस शिपाई. सकाळी दादा खेळायचा, संध्याकाळी तीच मोहीम धाकटा पुढे न्यायचा. जाताना पडद्याच्या कडेला चिठ्ठी चिकटवायची पद्धत होती. 'पूल धरून ठेव. टेकडीवर धनुर्धारी आहेत, शहाणपणा करू नकोस.' त्याखाली धाकट्याचं उत्तर: 'शहाणपणा केला. तिघे गेले. माफ कर.'

शिपायांना त्यांनी गिरणीतल्या माणसांची नावं दिली होती. पाचर, म्हणजे ओंडक्यात पाचरी ठोकणारा काटकुळा गडी. सायलेन्सर, म्हणजे ज्याच्या घशाला तेवढी एकच गोष्ट बसवायची राहिली होती तो. मुकादम, धारवाला, आणि असे बाकीचे. घरच्यांची नावं द्यायची नाहीत, एवढा एकच दंडक होता. शिपाई मेला की त्याच नावाचा नवा भरती व्हायचा आणि दुसऱ्या दिवशी गिरणीत चेष्टेला ऊत यायचा.

"पाचर, काल तुझी मुंडी उडाली रे!"

"कुठे?"

"पुलावर."

"बायकोला कळवलंस का? ती पेढे वाटेल."

खेळाला थांबा नव्हता. वेढा एकदा सुरू झाला की संपेपर्यंत चालायचा, मध्ये पाणी प्यायलाही उठता यायचं नाही. "लग्नासारखं आहे," वहिनी म्हणायची. आणि अडचणीच्या चार पायऱ्या होत्या: सोपी, मध्यम, कठीण, निर्दय. भावांनी पहिल्या दिवशीच निर्दय निवडली होती. सोप्यावर जिंकायचं तर खेळायचं कशाला, असं दादाचं म्हणणं.

२

मग दादाचा हात गेला.

अख्खा नाही. उजव्या हाताची तीन बोटं. पट्ट्याचा आरा सुरू असताना एक फळी अडकली, दादाने ती ओढायला हात घातला, आणि अकरा वर्षांत हजार वेळा जे झालं नव्हतं ते झालं. बोटं भुशात पडली. पाचरने ती वेचून डब्याच्या झाकणात ठेवली, पण डॉक्टरने झाकणाकडे पाहून नुसती मान हलवली.

दोन महिन्यांत जखम भरली. माणूस भरला नाही. दादा ताट घेऊन आतल्या खोलीत बसायचा, कारण डाव्या हाताने जेवताना सांडायचं आणि ते कोणी पाहिलेलं त्याला सोसायचं नाही. मालकाने निरोप धाडला होता की ओंडके मोजून लिहून घ्यायचं काम आहे, डाव्या हाताने जमेल, महिनाअखेरपर्यंत जागा राखून ठेवतो. दादाने निरोप ऐकला आणि भिंतीकडे तोंड फिरवलं.

खेळायला मात्र तो बसायचा. डाव्या हाताने, एकटा, सकाळी घर रिकामं झालं की. आणि हरायचा. चौथ्या किल्ल्यासमोर तो सहा वेळा हरला. सातव्या वेळी धाकटा तीनला घरी आला तेव्हा दादा टेबलासमोर उभा होता आणि गुंडाळलेला उजवा हात भिंतीवर आपटत होता. शांतपणे, खिळा ठोकावा तसा. भिंतीवर हाताएवढा लाल ठसा उमटला होता आणि दर ठोक्याला तो पसरत होता.

धाकट्याने मागून मिठी मारून त्याला खाली बसवलं. दादाच्या तोंडून एकच वाक्य आलं. "दुसराही कापून टाका म्हणावं. नुसता लोंबतोय."

वहिनी त्या वेळी इस्त्रीच्या दुकानात होती. ती यायच्या आत धाकट्याने भिंत पुसली. ठसा गेला नाही, फिकट झाला. भिंतीतला खिळा काढता येतो, पण माणसाच्या मनात रुतलेला कोणत्या पकडीने काढायचा? मग त्याची नजर कॉम्प्युटरवर गेली.

३

अडचणीचं पान उघडायला जेमतेम अर्धं मिनिट लागलं. 'शत्रूचा मार' असं लिहिलेली लाल पट्टी काठोकाठ भरलेली होती. तिच्याखाली आणखी एक पट्टी होती, रिकामी, आणि तिला नाव नव्हतं.

धाकट्याने लाल पट्टी डावीकडे सरकवली. ती जेवढी रिकामी झाली तेवढीच खालची बिननावाची भरली. त्याने पुन्हा थोडं उजवीकडे नेलं. खालची तेवढीच उतरली. खेळ आपल्या भाषेत आणणाऱ्या कोणा आळशाने नाव लिहायचं सोडलं असेल, झालं. त्याने लाल पट्टी पार शून्यावर नेली. चौकट आली: 'मोहिमेच्या मध्ये अडचण कमी करता येते. पुन्हा वाढवता येत नाही. पुढे जायचं?'

त्याने होय म्हटलं. ही आपल्या भावाची फसवणूक होती. पण तो वाईटासाठी करत नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी सव्वादहाच्या सुमारास पाचर नेहमीप्रमाणे ओंडक्यावर घण घालत होता. लोखंडी पाचर अर्धी आत गेली होती. घण उचललेला असतानाच ती आपोआप उसळली, उलटी फिरली आणि त्याच्या मानेची डावी बाजू खांद्यापर्यंत फाडत गेली. पाचर ओरडला नाही. त्याने घण हळूच खाली ठेवला, जणू कोणाच्या पायावर पडू नये म्हणून, आणि मग गुडघ्यावर बसला. धाकट्याने आपला शर्ट काढून त्या खाचेत कोंबला. शर्ट पुरला नाही.

तीनला तो उघड्या अंगाने घरी आला. दारातच दादा. दाढी केलेली, केसांना पाणी लावलेलं.

"चौथा पडला!" दादा म्हणाला. "डाव्या हाताने, लेका! एक माणूस गेला नाही. हे काय, शर्ट कुठे?"

"भिजला," धाकटा म्हणाला.

दादा दोन महिन्यांत पहिल्यांदा सर्वांबरोबर जेवला. धाकटा पडद्यासमोर जाऊन बसला. लढाई संपली की खेळ तिचा वृत्तान्त ठेवायचा. त्यात एकच ओळ होती.

'पाचर. कुऱ्हाड, मानेची डावी बाजू. सकाळी १०.१६. इजा: ०.'

४

कावळा बसायला आणि फांदी मोडायला, असं धाकट्याने स्वतःला सांगितलं. गिरणीत रक्त सांडणं नवं नव्हतं. दादाची बोटं गेली तेव्हा कुठे कोणी पट्टी सरकवली होती? पाचर पन्नास टाके घेऊन का होईना, जिवंत होता. डोकं ठिकाणावर असलेला माणूस अशा गोष्टी जोडत बसत नाही.

तरी दुसऱ्या दिवशी तो घड्याळाकडे बघत काम करत होता.

दहाच्या सुट्टीत सायलेन्सर फळ्यांच्या थप्पीवर बसून पाव चावत होता. आरा बंद होता, पट्टा उतरवलेला होता, सगळी गिरणी चहा पीत होती.

"पाचरच्या बायकोने मला काय विचारलं माहितीये?" तो गरजला. "म्हणाली, मुंडी अर्धीच का—"

आणि त्याचं तोंड उघडं असतानाच उजवा गाल फुटला. बाहेरून आत. दोन दात पावावर पडले, तिसरा जिभेला चिकटून राहिला. मोठा आवाज करणारा तो माणूस पहिल्यांदा पुटपुटला, "कोणी मारलं?"

सगळ्यांनी वर पाहिलं, मागे पाहिलं. कौलाचा तुकडा असेल, गोफण असेल, फाटकाबाहेरच्या कार्ट्यांचं काम असेल. धारवाला काठी घेऊन फाटकाबाहेर धावला आणि एका रिकाम्या रस्त्याला आईवरून शिव्या घालून परत आला. गालातून आरपार गेलेली वस्तू कोणालाही सापडली नाही. धाकट्याने भुसा चाळणीने चाळला. दात सापडले.

घरी पाचवा किल्ला पडला होता.

'सायलेन्सर. बाण, उजवा गाल. सकाळी १०.०८. इजा: ०.'

५

तिसऱ्या दिवशी मुकादमाला ताप होता, म्हणून तो आपल्या केबिनमध्ये आतून कडी लावून पडला होता. धाकट्याला तेवढंच बरं वाटलं. आत आरा नाही, पाचर नाही, रस्त्यावरून कोणी काही भिरकावेल तर खिडकीला जाळी आहे. एक टेबल, एक खुर्ची. माणसाला इथे काय होणार?

साडेनऊला आतून आवाज आला. लाकूड फोडताना येतो तसा, पण ओला. एक. मग थोडी उसंत. मग दुसरा. तिसऱ्याला मुकादम "आई गं" म्हणाला. साठीचा माणूस, नातवंडांचा आजोबा. त्या हाकेने सगळ्यांचे हात जागच्या जागी थांबले.

धाकट्याने आणि धारवाल्याने खांदे लावून कडी तोडली. मुकादम खुर्चीवर बसलेला, टेबलावर डोकं टेकलेलं. पाठीवरचा निळा शर्ट काळा होत चालला होता. धारवाल्याने शर्ट वर केला आणि तोंड फिरवून भिंतीला धरून ओकला. तीन वार होते. खांद्यापासून कमरेपर्यंत, एकाशेजारी एक, आतलं पांढरं दिसेल इतके खोल.

धाकट्याने शर्ट हातात घेऊन उलटासुलटा केला. शर्ट कुठेही फाटला नव्हता. एक टाकासुद्धा उसवला नव्हता.

मुकादमाला उचलून नेल्यावर तो मागे राहिला. केबिनच्या फरशीवर सगळीकडे असतो तसा भुशाचा पातळ थर होता. दाराजवळचा त्यांच्या धावपळीने विस्कटला होता. खुर्चीच्या मागचा मात्र जसाच्या तसा होता, आणि त्यात पावलं उमटली होती. येणारी नाहीत, जाणारी नाहीत. नुसती उभी. खुर्चीच्या पाठीमागे एक जोडी, तिच्या मागे दुसरी, तिच्या मागे तिसरी, भिंतीपर्यंत. रांग लावून थांबल्यासारखी.

त्याने ती मोजली नाहीत. पायाने भुसा पसरून टाकला आणि बाहेर आला.

६

त्या संध्याकाळी दादा मागच्या अंगणात वहिनीला कपडे वाळत घालायला मदत करत होता. डाव्या हाताने चिमटे लावत होता, चुकत होता, आणि चुकल्यावर हसत होता. धाकटा आत पडद्यासमोर बसून लाल पट्टी उजवीकडे ओढत होता. पट्टी हलत नव्हती. 'मोहिमेच्या मध्ये अडचण वाढवता येत नाही.' त्याने सात वेळा ओढली. सात वेळा तेच वाक्य, तेवढ्याच सभ्यपणे.

मग त्याने 'मोहीम सोडा' दाबलं.

'मोहीम सोडल्यास, किंवा लढाई मध्येच बंद पडल्यास, उरलेलं सर्व सैन्य कापलं जाईल. नक्की?'

तापल्या तव्यावर बसावा तसा त्याचा हात उडाला. एकोणीस नावं. धारवाला, दोन गाडीवाले, तराजूवरची मावशी, तिचा मुलगा. हॉस्पिटलात पडलेला पाचर. खाटेवर पालथा पडलेला मुकादम.

तो अंगणात गेला.

"दादा, उद्या खेळू नकोस."

"का रे बाबा?"

"असंच. डोळ्यांना ताण पडतो."

"कधीपासून माझ्या डोळ्यांचा डॉक्टर झालास?" दादाने चिमटा त्याच्या कानाला लावला. वहिनी खुदकन हसली. "आज नदीवरचा पूल घेतला, आता दोनच किल्ले राहिलेत. सहावा आणि सातवा एकाच वेढ्यात घेतो बघ उद्या. तिकडे किल्ला पडला की इकडे मी मालकाकडे. ओंडके मोजायचे ना? मोजू. निर्दयवर सात किल्ले डाव्या हाताने घेतलेत म्हणावं, तुमचे ओंडके काय चीज आहेत!"

वहिनीने दोरीवरच्या चादरीआड तोंड लपवलं. ती रडतेय हे धाकट्याला खांद्यांवरून कळलं, आणि हे रडणं चांगलं आहे हेही कळलं.

निर्दयवर. आता त्याला सांगायचं, की दादा, तू गेले तीन दिवस लहान पोरांची लढाई जिंकतोयस? आणि त्यापुढचं कोणत्या तोंडाने सांगायचं? धाकट्याने कानावरचा चिमटा सोडवला. भिंतीवरचा ठसा इथून दारातून दिसत होता. त्याने चिमटा दोरीला लावला.

७

युक्ती त्याला सकाळी सुचली, भोंग्याच्या दहा मिनिटं आधी, दात घासताना. मार नावावर जातो. मग नावच नसेल तर? खेळात शिपायाचं नाव कधीही बदलता यायचं, अगदी भर लढाईतसुद्धा. एकोणीस शिपाई बिननावाचे करायचे. शत्रूला मारायचंय तर मारू दे हवेला. पत्ताच नसलेलं पत्र कोणाच्या घरी जाईल?

दादा अजून आत झोपला होता. धाकटा ब्रश तोंडात धरूनच बसला. पहिली चौकट: पाचर. पुसलं, पुढे. सायलेन्सर. पुसलं, पुढे. एक चौकट मिटली की लगेच दुसरी उघडायची. मुकादम, धारवाला, मावशी. नावं पुसताना त्याला कोणाच्या अंगावरचं ओझं उतरवल्यासारखं वाटत होतं. एकोणिसावं पुसलं तेव्हा सातचा भोंगा झाला. त्याने 'जतन करा' दाबलं, टेबलावर सांडलेला फेस बाहीने पुसला आणि धावत सुटला. यादी पुन्हा उघडून पाहायला वेळ नव्हता. पाहण्यासारखं होतं तरी काय? एकोणीस रिकाम्या चौकटी.

८

त्या दिवशी गिरणीत काहीच झालं नाही.

आठ वाजले, नऊ वाजले. आरा लोण्यातून फिरावा तसा फिरत होता. दहाच्या सुट्टीत मावशीने सगळ्यांना चहा दिला. धारवाला म्हणाला, "आज देवाने आपल्यावरची नजर काढली दिसतेय." कोणीतरी हसलं. चार दिवसांत पहिल्यांदा. धाकट्याने तीन पाव खाल्ले. भूक कशी असते तेही तो विसरला होता.

साडेदहाला त्याचा फोन वाजला. दादा होता. मागून नगाऱ्यांचा आवाज येत होता, वेढा सुरू झाल्याचा.

"नालायका!" दादा हसत ओरडला. "मला सांगितलंस का नाही?"

"काय?"

"हे रे! एकोणीसच्या एकोणीस! दादा एक, दादा दोन, दादा तीन... मला आधी कळेचना. मग म्हटलं, हा आमच्या धाकट्याचाच उद्योग. डोळ्यांत पाणी आणलंस, गाढवा. घरचं नाव घालायचं नाही ठरलं होतं, पण जाऊ दे, आज माफ."

धाकट्याच्या हातातला पेला खाली पडला. मोहीम सुरू करताना खेळाने खेळणाऱ्याचं नाव विचारलं होतं, आणि दादाने, आपलं नाव त्याशिवाय दुसरं काय असणार अशा थाटात, 'दादा' लिहिलं होतं. खेळाला रिकामी चौकट चालत नव्हती. त्याने ती भरली होती, हाताशी असलेल्या एकाच नावाने.

"दादा, थांब. पुढे जाऊ नकोस. सगळ्यांना मागे घे."

"आता कसला मागे घेतोस? सहावा पडला. सातव्याचं दार फोडतोय. आत गेलो की... अगं आई!"

"काय झालं? दादा?"

"काही नाही. पाठीत उसण भरली." दादाचा श्वास ऐकू आला. मग पुन्हा तो आवाज, लाकूड फोडल्यासारखा, ओला. दादाचा आवाज लहान मुलाचा झाला होता. "अरे, घरात कोणी आलंय का? वहिनी आलीय का तुझी?"

९

गिरणीपासून घर दहा मिनिटांवर होतं. धाकट्याने ते अंतर किती मिनिटांत कापलं हे त्याला कधी सांगता आलं नसतं.

दार नुसतं लोटलेलं होतं. नगारे वाजत होते. दादा खुर्चीत बसला होता, पडद्याकडे तोंड करून, आणि त्याचा डावा हात माउसवर होता. पांढरा सदरा कुठेही फाटला नव्हता, पण पांढरा राहिला नव्हता. खुर्चीखाली साचलेलं टेबलाच्या पायापर्यंत पोचलं होतं.

"आलास?" तो वळला नाही. "मागे बघायची हिंमत होत नाही रे. कोणीतरी मारतंय. सोडलं तर सगळे कापले जातील, म्हणून सोडलं नाही."

"दादा, ऊठ."

"पाय ऐकत नाहीत."

धाकट्याने त्याला काखेत धरून खाली जमिनीवर निजवलं. तेवढ्यात एक वार पडला. धाकट्याला काही दिसलं नाही. फक्त दादाच्या दंडावरचा सदरा खोल आत गेला, हाताच्या काठाने कणीक दाबावी तसा, आणि दंड जिथे वाकू नये तिथे वाकला. दादाने ओठ चावून धरला. आवाज केला नाही. शेजारी जमतील, पोलीस येतील, असलं काही अजूनही त्याच्या डोक्यात असावं.

धाकट्याचा हात विजेच्या बटणाकडे गेला आणि अर्ध्यातून परतला. लढाई मध्येच बंद पडली तर उरलेले सगळे कापले जातात. सगळे म्हणजे कोण, ते आता खाली जमिनीवर पडलं होतं.

तो खुर्चीत बसला. खुर्ची गरम होती. पडद्यावर सातव्या किल्ल्याचं दार फुटलं होतं, एकोणीस शिपाई चौकात शिरले होते, आणि त्यांच्या मागे दुसरं दार बंद झालं होतं. चारी भिंतींवरून शत्रू उतरत होता. सोप्यावर एवढे कधी असत नाहीत. शिपाई धक्काही न लागल्यासारखे लढत होते. एकेकाच्या डोक्यावर कुऱ्हाडी पडत होत्या आणि शून्य, शून्य, शून्य असे आकडे वर उडत होते. दर शून्याला खालून दादाचा हुंकार येत होता.

मागे घ्यायला जागा नव्हती. पळायला वाट नव्हती. नाव तेवढं बदलता येत होतं.

त्याने पहिल्या शिपायावर टिचकी मारली. 'दादा १'. पुसलं. कोणाचं लिहायचं, याचा त्याने विचार केला नाही. विचार केला असता तर गिरणीतली एकोणीस माणसं पुन्हा डोळ्यांसमोर आली असती. त्याने 'धाकटा' लिहिलं.

खोली गप्प झाली. नगारे वाजतच होते, पण खोली गप्प झाली.

खुर्चीच्या मागे, भिंतीला लागून, दादाच्या दुपारच्या झोपेची कापसाची गादी अंथरलेली असायची. धाकट्याने फक्त डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहिलं. गादीवर खड्डे पडले होते, दोन-दोनचे, रांगेने, पावलांच्या आकाराचे. त्यांची बोटं दादाकडे होती. सगळ्यात पुढची जोडी उचलली गेली, कापूस फुगून वर आला, आणि थोड्याच अंतरावर पुन्हा दबला. आता बोटं खुर्चीकडे होती.

वार त्याच्या खांद्यावर पडला. त्याला वाटलं होतं त्यापेक्षा जड. उजवा हात कीबोर्डवरून मांडीवर घसरला. त्याने डाव्याने दुसरी चौकट उघडली.

"काय करतोयस?" दादाने खालून विचारलं.

"नावं बदलतोय."

"कोणाची लावतोयस?"

धाकट्याने दुसरं नाव लिहिलं. बरगडीवर दुसरा वार पडला तेव्हा त्याच्या तोंडून जे निघालं त्यावरून दादाला कळलं. दादाने आपल्या दोन बोटांच्या हाताने खुर्चीचा पाय पकडला आणि ओढू लागला, भावाला त्यावरून पाडायला. ओढायला बळ नव्हतं.

"किती झाली?" दादा रडत होता.

"तीन."

"पुरे की रे. पुरे कर. माझं ऐक, मी मोठा आहे."

"सोळा राहिली," धाकटा म्हणाला.

मागे कापूस फुगला आणि दबला. डोळ्यांत रक्त उतरलं की अक्षरं दिसत नाहीत, हे त्याला चौथ्या नावाला कळलं, आणि बोटांना त्यांच्या जागा पाठ असतात, हेही. त्याने पाचवी चौकट उघडली आणि भावाचं नाव पुसायला घेतलं.